तराजूचं वजन कोण करणार?

आजचा विषय जागतिक क्रमवारी, निर्देशांक आणि कायदा असा आहे. यात तत्त्वज्ञान शिकवणाऱ्या माणसाचं काय काम, असा प्रश्न तुम्हाला पडला असेल तर तो रास्त आहे. म्हणून सुरुवात माझ्या ओळखीच्या मुलखातून करतो.

'प्रमाण' हा शब्द घ्या. भाजीत मिठाचं प्रमाण जास्त झालं, असं आपण म्हणतो. तिथे प्रमाण म्हणजे मोजमाप. आणि 'तुमच्या म्हणण्याला प्रमाण काय?' असंही विचारतो. तिथे प्रमाण म्हणजे ज्ञानाचा आधार, ज्यामुळे एखादी गोष्ट खरी मानायची ते. आपल्या भाषेत मोजणं आणि खरं मानणं एकाच शब्दात राहतात, आणि आजच्या विषयातली सगळी गडबड या शेजारातून सुरू होते. आकडा दिसला की आपल्याला पुरावा मिळाल्यासारखं वाटतं.

आता जुना प्रश्न असा. प्रमाणाने प्रमेय सिद्ध होतं, ठीक. पण प्रमाण कशाने सिद्ध होतं? नागार्जुनाने हा प्रश्न इतका टोकदार करून विचारला की नैयायिकांना उत्तर देणं भागच होतं. न्यायसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायात त्यासाठी तराजूचा दृष्टांत येतो, आणि वात्स्यायन आपल्या भाष्यात तो सोन्याचं उदाहरण घेऊन उलगडतो. माझ्या शब्दांत सांगायचं तर, तराजूने आपण सोनं तोलतो तेव्हा तराजू साधन असतो. पण तराजूबद्दल शंका आली की ज्याचं वजन पक्कं ठाऊक आहे असं सोनं घालून आपण तराजूच तपासतो. त्या वेळी तराजू प्रमेय होतो, तपासण्याची वस्तू होतो. म्हणजे साधन असणं ही कायमची पदवी नव्हे. ज्याने तोलायचं त्याला स्वतः तोललं जायची तयारी ठेवावी लागते.

आपल्या राज्याच्या प्रशासनाला हे नीट कळतं, बरं का. वैधमापन शास्त्र विभाग आहे आपल्याकडे. मंडईतल्या भाजीवाल्याचा काटासुद्धा ठरावीक मुदतीने तपासून, मुद्रांकित करून घ्यावा लागतो. आठवडाभराची भेंडी तोलणाऱ्या काट्यावर सरकारी शिक्का हवा. देशांचे कायदे तोलणाऱ्या काट्यावर कुणाचा शिक्का असतो? माझा आजचा प्रश्न इथून सुरू होतो, पण मला त्याच्या जरा पुढे जायचं आहे.

उदाहरण एकच घेतो, म्हणजे हवेत बोलणं होणार नाही. जागतिक बँकेचा 'डूइंग बिझनेस' अहवाल. २००३ मध्ये पहिला आला, दोन वर्षांनी त्यात देशांची क्रमवारी सुरू झाली. (अहवालाच्या नावात पुढचं वर्ष असायचं. 'डूइंग बिझनेस २०२०' आला २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये. हे ध्यानात ठेवा, नाहीतर घोटाळा होतो.) शेवटी शेवटी १९० अर्थव्यवस्थांना त्यात क्रमांक मिळत. भारत २०१५ च्या अहवालात १४२ वा होता, २०१८ च्या अहवालात १०० वा झाला, मग ७७, मग ६३. सरकारने पहिल्या पन्नासात येण्याचं लक्ष्य जाहीर केलं होतं. वर्तमानपत्रांचे मथळे तुम्हाला आठवत असतील.

हा क्रमांक कसा काढत, ते पाहिलं पाहिजे. प्रत्यक्षातल्या उद्योगांची मोजणी त्यात नसे. एक कल्पित कंपनी घेत. पाच मालक, सगळे देशातलेच, दहा ते पन्नास कामगार. बांधकाम परवान्याचा निर्देशांक काढायला एक कल्पित गोदाम, दुमजली, सुमारे १३०० चौरस मीटरचं, पुस्तकं-वह्या असला माल ठेवायला. न्यायालयं मोजायला एक कल्पित खटला: एकाने मागणीबरहुकूम माल बनवून दिला, दुसरा म्हणतो दर्जा वाईट आहे, पैसे देत नाही. मग वकील, हिशेबनीस, वास्तुविशारद यांच्याकडे प्रश्नावली जाते. या कल्पित माणसाला किती टप्पे, किती दिवस, किती खर्च? त्यांच्या उत्तरांवरून गुण. आणि हे सगळं देशातल्या सर्वांत मोठ्या व्यापारी शहरापुरतं. भारतासाठी आधी फक्त मुंबई होती. २०१५ च्या अहवालापासून दहा कोटींहून जास्त लोकसंख्येच्या देशांसाठी दुसरं शहर आलं, म्हणून दिल्ली आली. दिल्लीला ५३ टक्के वजन, मुंबईला ४७. भारताचा क्रमांक म्हणून जे छापून येत होतं ते या दोन शहरांचं मिश्रण होतं. भिवंडी, मालेगाव, सोलापूर, यातलं कुणीच त्यात नाही.

कल्पित उदाहरण घेणं हा गुन्हा नाही. आम्ही तत्त्वज्ञानवाले आयुष्यभर तेच करतो. अडचण पुढे आहे. कल्पित उदाहरण विचार करायला चांगलं असतं. पण खरा कायदा त्याच्या मापाचा शिवायला घेतला की काय होतं ते बघा.

२०१५ मध्ये संसदेने व्यावसायिक न्यायालयांचा कायदा केला. त्यामागे विधी आयोगाचा २५३ वा अहवाल होता. मोठ्या रकमेचे व्यापारी तंटे वेगळे काढावेत, त्यांना कडक वेळापत्रक लावावं, असा विचार. मर्यादा ठेवली एक कोटी रुपये. या विचाराशी कुणी सहमत असो नसो, तो विचार होता. आयोगाने कारणं लिहिली होती, ती तपासता येत होती. तीनच वर्षांनी, २०१८ मध्ये, दुरुस्ती झाली आणि मर्यादा एक कोटीवरून तीन लाखांवर आली. एक कोटीवरून तीन लाख!

आपल्याकडे प्रत्येक विधेयकाला 'उद्देश व कारणे यांचे निवेदन' जोडलेलं असतं. ते फार कमी लोक वाचतात. २०१८ च्या दुरुस्तीचं निवेदन वाचा. स्पर्धेच्या जगात व्यवसाय आकर्षित करण्यासाठी भारताने जागतिक बँकेच्या 'डूइंग बिझनेस' अहवालातलं आपलं स्थान आणखी सुधारलं पाहिजे, अशा अर्थाचं विधान त्यात सरळ केलेलं आहे. काही लपवाछपवी नाही. क्रमांक हेच कारण.

आता तीन लाखच का? त्या अहवालातल्या कल्पित खटल्याची रक्कम कशी ठरे ते पाहा: दरडोई उत्पन्नाच्या दुप्पट किंवा पाच हजार डॉलर, जी जास्त असेल ती. भारताचं दरडोई उत्पन्न लक्षात घेता आपल्याला पाच हजार डॉलर लागू. २०१८ च्या विनिमय दराने ते होतात तीन लाखांच्या थोडे वर. मर्यादा एक कोटी राहिली असती, तर बँकेचा तो कल्पित खटला नव्या न्यायालयात कधी पोचलाच नसता, आणि नव्या न्यायालयांचे गुणही मिळाले नसते. मर्यादा तीन लाखांवर आणली की तो बरोबर आत येतो. हा जोड मी लावलेला आहे, माझा निष्कर्ष म्हणून घ्या. पण निवेदन आणि आकडा शेजारी ठेवले की दुसरा निष्कर्ष काढणं मला तरी जमत नाही.

यात बिघडलं काय, असं विचाराल. तंटे लवकर सुटले तर चांगलंच की. समजा, इचलकरंजीचा एक यंत्रमागवाला आहे, त्याचा सुताच्या व्यापाऱ्याशी साडेतीन लाखांचा वाद आहे. पूर्वी हा साधा दिवाणी दावा. तिथे प्रतिवादीने आपली कैफियत द्यायला उशीर केला, तर न्यायाधीश परिस्थिती बघून मुदत वाढवू शकत. व्यावसायिक दाव्यात १२० दिवस संपले की कैफियत देण्याचा हक्कच संपतो. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे बंधन सक्तीचंच आहे असं स्पष्ट केलं. बड्या कंपनीकडे वकिलांची फौज असते, तिला १२० दिवस पुष्कळ होतात. यंत्रमागवाला वकील शोधणार, कागद गोळा करणार, मधे हंगाम येणार, घरात आजारपण येणार. दिवस उलटले की त्याची बाजू न ऐकताच दावा पुढे सरकतो. कोटींच्या तंट्यासाठी बेतलेली शिस्त त्याच्या अंगावर आली. ती यावी असं कुणी वादविवाद करून ठरवलं असतं तर माझी तक्रार वेगळी असती. मी म्हटलं असतं, तुमचं चुकलं, अमुक कारणाने चुकलं. इथे वाद घालायचा कुणाशी? सुताच्या व्यापाऱ्याचं भलं व्हावं म्हणून हे केलं, असंही कुणी म्हणत नाही. कारण म्हणून दिलाय एक क्रमांक, आणि क्रमांकाशी युक्तिवाद करता येत नाही.

मला नेमकं हे म्हणायचं आहे. लोकशाहीत कायदा मोडला तर शिक्षा होते, म्हणून तो कायदा ठरत नाही; ते तर राजाच्या हुकुमालाही होतं. ज्यांच्यावर तो लागू होणार त्यांना 'हे तुमच्यासाठी अशा कारणाने केलं' असं सांगण्याची जबाबदारी कायदा करणारा घेतो, आणि ते कारण खोडून काढण्याचा हक्क ऐकणाऱ्याला राहतो. निर्देशांक इथे ऐकणाराच बदलतो. कारण इचलकरंजीला सांगायचं, ते वॉशिंग्टनला सांगितलं जातं.

आणि फळ काय मिळालं? 'करारांची अंमलबजावणी' या निर्देशांकात भारत २०१८ च्या अहवालात १६४ वा होता. २०२० च्या अहवालात १६३ वा. खटल्याला लागणारे दिवस, त्यांच्याच हिशेबाने, १४४५. नवी पाटी लावली म्हणून न्यायाधीशांची संख्या वाढत नाही.

आता दुसरी बाजू सांगतो, नाहीतर म्हणाल म्हातारा एककल्ली आहे. त्याच रेट्यात २०१५ मध्ये कंपनी कायद्यातली किमान भांडवलाची अट गेली. खासगी कंपनीला एक लाख, सार्वजनिक कंपनीला पाच लाख, अशी ती अट होती. तिने कुणाचं संरक्षण होत होतं, हे मला कधी कळलं नाही. गेली ते बरं झालं. मुंबईत बांधकाम परवान्यांची प्रक्रिया ऑनलाइन आली. त्या निर्देशांकात भारत १८१ वरून दोन वर्षांत २७ वर आला. टेबलाटेबलांवर फाइल घेऊन फिरलेल्या माणसाला विचारा, तो दुवाच देईल. क्रमांकाच्या भीतीने प्रशासन हलतं, हे मला मान्य आहे. माझे एक मित्र मंत्रालयात मोठ्या पदावर होते. ते म्हणायचे, 'सर, तुमच्या युक्तिवादाने फाइल हलत नाही, शेजारचं राज्य पुढे गेलं म्हटलं की हलते.' राज्याराज्यांतही तेच सुरू झालं होतं. २०१५ मध्ये केंद्राने ९८ मुद्द्यांवर राज्यांचं मूल्यमापन केलं, गुजरात पहिला, महाराष्ट्र आठवा, आणि आपल्याकडे त्या आठव्या जागेचा सल किती दिवस होता!

पण ज्या भीतीने चांगली फाइल हलते त्याच भीतीने वाईटही हलते, आणि दोन्हींत फरक करण्याची शक्ती भीतीत नसते. यासाठी थोडं दूर, जॉर्जियात जाऊ. कॉकेशसमधला तो छोटा देश या क्रमवारीचा लाडका विद्यार्थी. या अहवालात 'कामगार नेमणे' असा एक निर्देशांक असे, आणि त्याचं सूत्र सोपं होतं: कामगाराला ठेवण्या-काढण्यावर बंधनं कमी, तर गुण जास्त. जॉर्जियाने २००६ मध्ये नवी कामगार संहिता आणली. मालकाला एक महिन्याचा पगार देऊन कारण न सांगता कामगाराला काढता येऊ लागलं. त्याच वर्षी कामगार निरीक्षण यंत्रणाच बरखास्त झाली. त्या वर्षीच्या अहवालात जॉर्जिया ११२ वरून ३७ वर आला आणि जगातला अव्वल सुधारक ठरला. क्रमांकामुळेच निरीक्षक गेले असं मी म्हणत नाही. तिथल्या सरकारची विचारसरणीही तशीच होती. पण त्या तराजूत निरीक्षक नसण्याचं वजन शून्य होतं, हे मात्र खरं. पुढे युरोपीय संघाशी करार झाला तेव्हा निरीक्षणाची व्यवस्था हळूहळू, अपुऱ्या अधिकारांनिशी परत येऊ लागली. २०१८ मध्ये टकिबुलीच्या कोळसा खाणीत एप्रिलमध्ये सहा आणि जुलैमध्ये चार कामगार मेले. त्यानंतर निरीक्षकांचे अधिकार वाढवण्याला जोर आला. 'कामगार नेमणे' हा निर्देशांक कामगार संघटनांच्या आणि आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेच्या टीकेनंतर २०११ च्या अहवालापासून क्रमवारीतून काढून टाकला गेला होता. तराजूतून तो गेला, पण त्याच्या मापाने केलेले कायदे आपोआप गेले नाहीत.

आपल्यालाही यात शिकण्यासारखं आहे. १९४९ मध्ये भारताने श्रम निरीक्षणाच्या आंतरराष्ट्रीय करारावर मान्यतेची मोहोर उठवली. निरीक्षकाला पूर्वसूचनेशिवाय कारखान्यात जाता यावं, गरज असेल तितक्या वेळा जाता यावं, असं त्यात आहे. आज 'इन्स्पेक्टर राज' या दोन शब्दांत आपण निरीक्षकाला खलनायक करून टाकतो. निरीक्षक पैसे खातो हे दुखणं खरं आहे. पण काट्याची तपासणी करणारा लाच घेतो म्हणून काट्यांची तपासणीच बंद करा, असं मंडईत कुणी म्हणेल का?

आता येतो तराजूत झालेल्या पापाकडे. 'मापात पाप' म्हणतो ना आपण, ते. २०१८ च्या जानेवारीत बँकेचेच मुख्य अर्थशास्त्रज्ञ पॉल रोमर यांनी एका मुलाखतीत चिलीची जाहीर माफी मागितली. चिलीचा क्रमांक मिशेल बाचेलेट यांच्या काळात घसरताना आणि सेबास्टियन पिनेरा यांच्या काळात वर जाताना दिसत होता, आणि त्या चढउताराचं बरंचसं कारण देशात काही घडण्यापेक्षा मोजण्याची पद्धत वारंवार बदलण्यात होतं. रोमर थोड्याच दिवसांत पदावरून गेले. आपल्या १३० वरून १०० या झेपेबद्दलही सेंटर फॉर ग्लोबल डेव्हलपमेंटच्या संशोधकांनी दाखवलं की, पद्धत स्थिर ठेवून मोजलं तर झेप फारशी उरत नाही. मग चीन. २०१८ च्या अहवालात तो ७८ वा होता. नंतरच्या दुरुस्तीत ८५ वा. बँकेने नेमलेल्या वकिली संस्थेने २०२१ मध्ये दिलेल्या अहवालात वरिष्ठ पातळीवरच्या दबावाचा उल्लेख केला. बँक त्या काळात सदस्य देशांकडे भांडवलवाढ मागत होती. ज्यांचं नाव आलं त्या क्रिस्तालिना जॉर्जिएवा यांनी आरोप नाकारले, आणि नाणेनिधीच्या कार्यकारी मंडळाने त्यांच्यावरचा विश्वास कायम ठेवला. १६ सप्टेंबर २०२१ ला बँकेने हा अहवालच बंद केल्याचं जाहीर केलं.

बहुतेक टीकाकार इथे थांबतात. मापात पाप झालं, पकडलं, दुकान बंद. मला हे पुरत नाही. समजा, एकाही आकड्याला कुणी हात लावला नसता, तर तो तराजू बरोबर ठरला असता का? मेरी हॉलवर्ड-ड्रीमायर आणि लँट प्रिचेट या अभ्यासकांनी २०१५ मध्ये एक साधी गोष्ट केली. 'डूइंग बिझनेस'मधले कागदावरचे दिवस आणि बँकेच्याच दुसऱ्या पाहणीत प्रत्यक्ष उद्योजकांनी सांगितलेले दिवस शेजारी ठेवले. दोहोंचा एकमेकांशी फारच थोडा संबंध निघाला. एकाच देशात, एकाच परवान्यासाठी, कुणाला आठवडा लागतो तर कुणाला वर्ष. नियम एक असतो, पण प्रत्येकाचा सौदा वेगळा ठरतो. हे सरासरीत मावत नाही. कल्पित कंपनीत तर मुळीच मावत नाही, कारण कल्पित कंपनीचा कुणी मेहुणा नगरसेवक नसतो!

प्रामाणिक पण चुकीचा तराजू अप्रामाणिक तराजूपेक्षा मला जास्त धोक्याचा वाटतो. अप्रामाणिकपणा कधीतरी पकडला जातो.

आपल्या सरकारला ही तपासणीची कला येत नाही असं मुळीच नाही. २०२२ मध्ये जागतिक भूक निर्देशांकात भारत १२१ देशांत १०७ वा आला, तेव्हा सरकारने पद्धतीवर जोरदार आक्षेप घेतला. चार घटकांपैकी तीन मुलांशी संबंधित आहेत, ते सगळ्या लोकसंख्येच्या भुकेचं माप कसं होणार, असं विचारलं. त्याला प्रत्युत्तरंही आली. पण प्रश्न विचारण्याजोगाच होता. वात्स्यायनाने पाठ थोपटली असती. मला एवढंच विचारायचं आहे की हाच प्रश्न तीन वर्षांपूर्वी, ६३ वा क्रमांक मिळाला तेव्हा, कुठे गेला होता? आपल्याला जड तोललं की तराजू चांगला, हलकं तोललं की सदोष? २०२० मध्ये केंद्राने २९ जागतिक निर्देशांकांवर मंत्रालयांमार्फत नजर ठेवण्याची व्यवस्था उभी केली. त्यातल्या किती तराजूंना आपण सोनं घालून पाहणार आहोत, आणि कितींखाली नुसते उभे राहणार आहोत?

टाळ्या नकोत, अजून एक सांगायचं आहे.

जागतिक बँकेने आता 'बिझनेस रेडी' नावाचा नवा अहवाल काढला आहे. पहिला २०२४ मध्ये आला, ५० अर्थव्यवस्थांचा. त्यात भारत नव्हता. जुन्याच्या चुकांतून ते काही शिकलेले दिसतात. एकच एकत्रित क्रमांक देण्याचं त्यांनी टाळलं, प्रत्यक्ष उद्योजकांची पाहणी आत घेतली, कामगारांच्या हिताचेही काही मुद्दे घेतले. तराजू सुधारला म्हणू या. आपली त्याच्याकडे बघण्याची सवय सुधारली का, हे भारताचा आकडा त्यात येईल तेव्हा कळेल.

आणि इचलकरंजीच्या त्या यंत्रमागवाल्याचं काय? ज्या अहवालातलं स्थान सुधारायचं म्हणून २०१८ ची दुरुस्ती केली, तो अहवाल तीन वर्षांत बंद पडला. उद्देश व कारणांच्या निवेदनातलं ते कारण आता जगात अस्तित्वातच नाही. तीन लाखांची मर्यादा आणि १२० दिवस मात्र आहेत तिथे आहेत.

आता प्रश्न घेऊ या.